टाळी भजनात, भजनाला नाही

दुपारी वालाचं बिरडं सोलायला बसले होते. भिजलेल्या वालांनी बोटं इतकी बुळबुळीत होतात की फोनला हात लावायची सोय राहत नाही. एरवी गाणं संपत आलं की टाळ्या सुरू व्हायच्या आत मी पुढचं लावते. त्या दिवशी ते जमेना, आणि अमेरिकन कंट्री गायक ॲलन जॅक्सनचं भजन संपल्यावरचा कडकडाट शिट्ट्यांसकट ऐकावा लागला.

जॅक्सन म्हणजे जॉर्जियातल्या न्यूनन गावचा मेकॅनिकचा मुलगा. उंच, मिशीवाला, डोक्यावर हॅट. ‘चॅटाहूची’त नदीकाठी बिअर पिण्याची गंमत गाणारा, दुसऱ्या एका गाण्यात भर दुपारी ग्लास भरायला निघालेला. त्याच तोंडानं तो ‘आय विल फ्लाय अवे’ हे भजन म्हणतो आणि तिकडे कुणाला त्यात वावगं वाटत नाही. आपल्याकडे तरी कुठे वाटतं? ज्या होनाजी-बाळाच्या लावण्यांनी फड गाजवले, त्यांचीच ‘घनश्याम सुंदरा’. ती पहाटे हमखास म्हणणाऱ्या आमच्या आजीला लावणी म्हटलं की मात्र ठसका लागायचा.

तेव्हा माझी तक्रार बिअरबद्दल नाही. टाळ्यांबद्दल आहे. टाळी भजनात वाजवायची असते, भजनाला नाही.

हे मी नगरला शिकले. आमच्या शेजारी एक मराठी ख्रिस्ती कुटुंब होतं. रविवारी संध्याकाळी त्यांच्याकडे पेटी निघायची. मावशी डाव्या हातानं भाता ओढत, उजव्या हाताशी खाकी कव्हर घातलेलं ‘उपासना संगीत’, म्हणजे ख्रिस्ती भजनांचं पुस्तक. पेटीची एक काळी पट्टी दाबली की वर यायचीच नाही. तो सूर आला की सगळे जरा जास्तच मोठ्यानं गायचे, पेटीची लाज राखायला. ख्रिस्ती कवी ना. वा. टिळकांचं पद असलं की ते अभंगाच्या वळणानं जायचं, आणि मी उंबऱ्यात बसून आपसूक टाळी धरायची. मग मध्येच एखादी विलायती चाल यायची, तिला टाळी कुठे द्यायची तेच कळायचं नाही. मावशी मानेनं खुणावायच्या, हं, आता. संपलं की कुणी वाहवा केल्याचं आठवत नाही. काका म्हणायचे, “पुढचं कुठलं?” किंवा मावशी म्हणायच्या, “चहा टाकते.”

त्या विलायती चालींतली एक जॅक्सनच्या भजनांच्या अल्बमात आहे. ‘व्हॉट अ फ्रेंड वुई हॅव इन जीझस’. जोसेफ स्क्रिव्हन नावाचा आयरिश माणूस कॅनडात जाऊन राहिला, आणि दूर आयर्लंडमध्ये राहिलेल्या आईला धीर द्यायला त्यानं १८५५ साली ते लिहिलं, असं सांगतात. छापायचा त्याचा विचारही नव्हता. चाल नंतर दुसऱ्याच कुणी लावली, १८६८ मध्ये.

जॅक्सनचंही तेच. आईला ख्रिसमसला द्यायला म्हणून त्यानं ही जुनी गाणी ध्वनिमुद्रित केली. पियानो, गिटार, फारसा साज नाही, एक हरकत जास्तीची नाही. देवळात शेजारच्या बाकावरचा माणूस म्हणेल तसं सरळ म्हणून टाकलेलं. ते कंपनीच्या कानावर पडलं, २००६ मध्ये ‘प्रेशस मेमरीज’ नावानं बाजारात आलं आणि दहा लाखांवर खपलं. मग त्याच गाण्यांची मैफल नॅशव्हिलच्या रायमन सभागृहात झाली. माझ्या फोनमध्ये आहे ती हीच.

रायमनची गंमत अशी की ते मुळात सभागृह नव्हतंच. टॉम रायमन हा वाफेच्या बोटींचा मालक. १८८५ मध्ये सॅम जोन्स नावाच्या उपदेशकाचं प्रवचन ऐकून तो इतका हलला की शहरात मोठं प्रार्थनागृह बांधायच्या मागे लागला, आणि १८९२ मध्ये ते उभं राहिलं. पुढे तिथे व्याख्यानं झाली, नाटकं झाली. १९४३ ते १९७४ ‘ग्रँड ओल ऑप्री’ ही कंट्री संगीताची मैफल तिथूनच रेडिओवर ऐकू जायची. बाकं मात्र चर्चचीच राहिली, लाकडी, लांबलचक. तिकीट काढून आलेला माणूस तिथे आजही शेजाऱ्याच्या खांद्याला खांदा लावूनच बसतो. अशा ठिकाणी बसून ‘हाऊ ग्रेट दाऊ आर्ट’ ऐकल्यावर हातांनी काय करायचं? रायमनच्या हयातीत आलेले लोक ‘आमेन’ म्हणाले असते. २००६ मधल्यांनी शिट्ट्या मारल्या.

‘आर यू वॉश्ड इन द ब्लड’ला मात्र लोक चालू गाण्यात टाळ्या धरतात, आणि चांगल्या धरतात. तेवढ्यापुरतं माझं समाधान होतं. मग गाणं संपतं आणि पुन्हा आपलं ते.

बिरडं सोलून झालं, हात धुतले, आता पुढचं लावता आलं असतं. पण तोवर मनात आलं, की ज्या आईसाठी हा सगळा खटाटोप, तिला या टाळ्या कशा वाटल्या असतील? आपल्या मुलाचं भजन, आणि त्यावर सगळं रायमन टाळ्या पिटतंय. तिनं काय “गप्प बसा, प्रार्थना चाललीय” म्हटलं असेल? छे! माझ्या मुलानं सोसायटीच्या गणपतीत आरती म्हटली तेव्हा पहिली टाळी मीच वाजवली होती.