जांभळी लुसी

मी गोव्यात पर्वरीला एका स्टुडिओत कलरायझेशनचं काम करायचे तेव्हाचं सांगते. कलरायझेशन म्हणजे जुने ब्लॅक अँड व्हाइट सिनेमे आणि सिरियल्स यांना कॉम्प्युटरवर रंग द्यायचा. काम बहुतेक अमेरिकेतून यायचं. घरी कुडाळला आजीला सांगितलं होतं की सिनेमात रंगकाम करते, तर ती शेजारीपाजारी सांगत फिरायची की पोरगी भिंती रंगवते पण एसीत बसून. काही अगदीच चूक नव्हतं म्हणा.

तर तेव्हा आमच्याकडे 'आय लव्ह लुसी' या अमेरिकेच्या जुन्या विनोदी सिरियलचे एपिसोड आले. मला काहीएक माहीत नव्हतं. तिची हिरोईन लुसिल बॉल, म्हणजेच लुसी, हे नाव मी तोवर ऐकलेलं पण नव्हतं, आपल्याकडे ही सिरियल कोणी बघितलीये. पण अमेरिकेत या बाईचं काय प्रस्थ होतं ते नंतर वाचत गेले तसं कळलं. 1951 ते 1957 सहा सीझन, 180 एपिसोड. 19 जानेवारी 1953 ला सिरियलमधल्या लुसीला मुलगा होतो तो एपिसोड लागला आणि त्याच दिवशी सकाळी खऱ्या लुसीला पण मुलगा झाला, आणि तो एपिसोड 4 कोटी 40 लाख लोकांनी बघितला. दुसऱ्या दिवशी नव्या राष्ट्राध्यक्षाचा, आयझेनहॉवरचा शपथविधी होता, त्याला एवढे प्रेक्षक नव्हते. बाई प्रेग्नंट आहे म्हणून सिरियलमधून काढायच्या ऐवजी तिचं पोट स्टोरीत घेतलं, पण 'प्रेग्नंट' हा शब्द टीव्हीवर म्हणायला चॅनेलची बंदी. आपल्या डेली सोपवाल्यांना हे सगळं ओळखीचं वाटेल.

आमचं काम कसं चालतं ते आधी सांगते नाहीतर पुढचं कळणार नाही. अर्ध्या तासाचा एपिसोड म्हणजे जाहिराती सोडून सव्वीसेक मिनिटं, सेकंदाला 24 फ्रेम धरून 37 हजारांच्या आसपास फ्रेम. एकेक शॉट वेगळा काढायचा, त्यात माणसाची कातडी, केस, ओठ, ब्लाउज, खुर्ची, खिडकी सगळ्याचे वेगवेगळे मास्क बनवायचे, म्हणजे त्या-त्या भागाची कड आखून तो वेगळा करायचा, मग त्यावर रंग चढवायचा आणि माणूस हलला की मास्क त्याच्याबरोबर हलवायचा. उजेड-सावलीला हात लावायचा नाही, ती मूळ फिल्मचीच राहते, आपण फक्त वरून रंग घालायचा. त्यामुळे फिल्ममध्ये जे गडद आहे त्याला तुम्ही फिकट पिवळं करू शकत नाही. आणि हे सगळं म्यूटवर. आवाज कोणी लावतच नाही, शॉट तुकड्यातुकड्यात येतात, आवाज ऐकून करणार काय. कानात आपली गाणी लावायची आणि मास्क ओढत बसायचं.

'लुसी'ची फिल्म बघून आमचा लीड, म्हणजे टीमचा मुख्य, खूश झाला होता. म्हणाला, एवढी स्वच्छ निगेटिव्ह साठ वर्षांपूर्वीच्या टीव्हीची मिळतच नाही. कारण तेव्हा बहुतेक कार्यक्रम न्यूयॉर्कहून लाइव्ह व्हायचे आणि बाकीच्या अमेरिकेला दाखवायला टीव्हीच्या पडद्यासमोर कॅमेरा लावून शूट केलेली कॉपी पाठवायचे, ती गढूळ दिसायची. लुसी आणि तिचा नवरा डेझी आर्नाझ दोघं हट्टाला पेटले की आम्ही हॉलीवूड सोडून न्यूयॉर्कला येणार नाही, सिनेमासारखं 35 एमएम फिल्मवर शूट करू. त्याचा खर्च वाढला तर स्वतःचा पगार आठवड्याला हजार डॉलर कमी करून घेतला, पण बदल्यात निगेटिव्हची मालकी स्वतःकडे ठेवली. चॅनेलवाल्यांना वाटलं, एकदा लागून गेलेला एपिसोड परत कोण बघणार, घ्या. आणि पुढे रिपीट टेलिकास्टचा अख्खा धंदाच त्यातून उभा राहिला. मुळात या डेझीला नवऱ्याच्या रोलमध्ये घ्यायलाच चॅनेल तयार नव्हतं. तो क्यूबाचा, बोलण्यात स्पॅनिश हेल, लोक म्हणे असलं जोडपं स्वीकारणार नाहीत. खऱ्या आयुष्यात लग्नाला दहा वर्षं झालेली! मग दोघांनी 1950 मध्ये गावोगाव स्टेज शो केले आणि लोकांना चालतंय हे दाखवून दिलं.

आणि लायटिंग! कॅमेरा कार्ल फ्रॉइंडचा. हा माणूस जर्मनीत मूकपट शूट करून आलेला, त्या काळातलं मोठं नाव. इथे तीन कॅमेरे एकाच वेळी चालणार, समोर तीनशेच्या आसपास प्रेक्षक बसलेले, म्हणजे दर शॉटला लाइट हलवायला वाव नाही, म्हणून त्याने सगळीकडे सारखा पसरलेला उजेड ठेवला. आम्हाला हे वरदान, कारण सावलीत अर्धा चेहरा बुडाला की मास्कची वाट लागते. पण त्याच गृहस्थाने सेटपण करड्या रंगात रंगवून घेतलेले! भिंती, फर्निचर, बरंच काही करड्याच्याच छटांत, म्हणजे फिल्मवर कुठे काय दिसेल ते आधीच हातात. आता बोला. आम्ही 'मूळ रंग' शोधायला बसलो होतो आणि मूळ रंगच करडा.

केसांचं वेगळंच प्रकरण. लुसी मुळात ब्राउन केसांची, मॉडेलिंग करायची तेव्हा ब्लाँड, आणि 1940च्या दशकात एमजीएम या सिनेमा कंपनीने एका रंगीत सिनेमासाठी लाल करून टाकलं. तिथून ती जन्मभर लाल. गंमत बघा, घराघरात जी 'रेडहेड' म्हणून माहीत होती ती टीव्हीवर दिसायची काळी-पांढरी. 1953 मध्ये तिच्यावर कम्युनिस्ट असल्याचा आरोप आला. झालं असं होतं की 1936 मध्ये आजोबांच्या समाधानासाठी तिने मतदार नोंदणीत तो पक्ष लिहिलेला. त्या काळात एवढ्यावर भल्याभल्यांची करिअर संपली. तेव्हा डेझी स्टुडिओतल्या प्रेक्षकांसमोर उभा राहून म्हणाला की हिच्यात लाल काय असतील तर ते केस, आणि ते पण खरे नाहीत. लोकांनी डोक्यावर घेतलं, प्रकरण मिटलं. तर ते केस आमच्या वाट्याला आलेले. जरा लाल जास्त झाला की विग दिसायचा, जरा कमी झाला की लुसी ओळखू येईना.

आता मूळ मुद्द्यावर येते. माझ्याकडे जो एपिसोड होता तो 16 एप्रिल 1956 चा, इटलीचा. लुसीला तिथल्या एका डायरेक्टरच्या सिनेमात काम मिळणार असतं, सिनेमाच्या नावात द्राक्षं असतात, म्हणून ही अनुभव घ्यायला गावात जाते आणि मोठ्या लाकडी पिंपात उतरून अनवाणी द्राक्षं तुडवते. बरोबर एक खरीखुरी गावठी इटालियन बाई. ही दमते, ती हिला कामाला लावते, मग दोघींची जुंपते आणि एकमेकींना द्राक्षांत बुडवतात.

ते शॉट करताना मी लीडला अक्षरशः शिव्या घातल्या (मनात). केसांचा मास्क, कातडीचा मास्क, ब्लाउजचा मास्क, आणि प्रत्येकावर चिकटलेला लगदा, तो दर फ्रेमला जागा बदलणार. एका हाताने दुसरीचे केस धरलेत, त्या हातावर लगदा, केसांत लगदा, कोणाचं काय तेच कळत नाही. पण एवढं फ्रेम-फ्रेम बघितल्यावर एक गोष्ट दिसायला लागली की ही बाई काहीच उगाच करत नाहीये. पहिला पाय द्राक्षात टाकल्यावर चेहऱ्यावर जे होतं ते बघा. आधी किळस, मग गुदगुल्या, मग 'अरे बरं वाटतंय की', मग थोडा माज, सगळं वेगवेगळं मोजून येतं, आणि चालू स्पीडला बघताना तुम्हाला वाटतं सहज झालं. तिला तरुणपणी न्यूयॉर्कच्या नाटकाच्या शाळेतून घरी पाठवलं होतं, हिच्यात काही दम नाही म्हणून. आणि पिंपात उतरली तेव्हा वय 44. लुसी नंतर मुलाखतींत रंगवून सांगायची की त्या बाईला इंग्लिश कळत नव्हतं, तिने खरंच दाबून धरलं आणि मला वाटलं मी मेले. खरं-खोटं तिलाच माहीत, स्टोरी सांगायला पण ती उस्तादच होती. पण तिचा तो वर आल्यावरचा चेहरा मी झूम करून बघितलाय आणि मला तरी ते सगळंच्या सगळं अ‍ॅक्टिंग वाटलं नाही.

पण खरी अडचण पिंपाची नव्हतीच. त्यानंतर लुसी हॉटेलवर परत येते, डायरेक्टर तिथे भेटायला आलेला असतो, आणि ती द्राक्षांच्या रसाने रंगलेली असते. रंग जात नाही. त्याला पाहिजे होती अमेरिकन टुरिस्ट बाई, ही तर रंगीबेरंगी, म्हणून रोल जातो मैत्रीण एथेलला. म्हणजे जोक सगळा रंगावर, आणि सिरियल ब्लॅक अँड व्हाइट! 1956 मध्ये घरी बघणाऱ्यांना नुसता मळकट चेहरा दिसला असणार, बाकीचं त्यांनी डायलॉगवरून समजून घेतलं. आता आम्ही पहिल्यांदा तो रंग दाखवणार. कुठला दाखवायचा?

मी पहिल्यांदा जांभळा चढवला तर ती भुताटकीच्या सिनेमातली वाटायला लागली. वर सांगितलं तसं, खाली गडद असल्यामुळे रंग अजून चढला. कमी केला तर काविळीच्या पलीकडचा कसलातरी आजार वाटायला लागला, मातकट. लीड येऊन मागे उभा राहिला, म्हणाला, "अगो, ही आजारी दिसते. विनोदी दिसायला पाहिजे." मी म्हटलं, "सर, विनोदी रंग कुठल्या पॅलेटमध्ये असतो ते सांगा, मी लावते." संध्याकाळी क्लायंटला पाठवायचं होतं. शेजारची मुलगी म्हणाली निळा ट्राय कर, दुसरा म्हणाला वाइनचा लाल घे. लाल घेतला तर रक्त. ते बघून तिघंही एकदम गप्प.

मग मी जी गोष्ट कधी करत नाही ती केली, हेडफोनची गाणी बंद करून क्लिपचा आवाज लावला.

एवढे दिवस ही बाई माझ्यासमोर मुकी वावरत होती. पहिल्यांदा तिचा आवाज ऐकला, जरा घोगरा, मला उगाच बारीक किनरा वाटला होता. पण मला हादरवलं ते हसण्याने. ते हसू मशीनचं नव्हतं, समोर बसलेल्या माणसांचं होतं, आणि त्या माणसांनी तो रंग प्रत्यक्ष बघितला होता! टीव्हीवाल्या कोट्यवधी लोकांना जे दिसलं नाही ते त्या काही शे लोकांना दिसलं, आणि त्यांची रिअ‍ॅक्शन माझ्या कानात. ती हॉटेलच्या खोलीत येते तेव्हाचं हसू मी परत परत लावून ऐकलं. भीतीची 'आई गं' नव्हती त्यात, किळस नव्हती. 'घातलास ना गोंधळ' असं हसू होतं, घरच्या पोराला हसतात तसलं. लीडला पण एक कान दिला. त्याने ऐकलं आणि म्हणाला, "म्हणजे रंग जास्त पाहिजे, पण सगळीकडे सारखा नको."

बरोबरच होतं ते. सारखा रंग लागला की मेकअप वाटतो. रस लागला की कुठे जास्त कुठे कमी लागणार. मग मी चेहऱ्याचा एक मास्क होता त्याचे तुकडे केले. गाल आणि कपाळ वेगळं, नाकाच्या बाजूच्या घड्या वेगळ्या, हात सगळ्यात गडद, बोटांच्या पेरांत अजून गडद, डोळ्यांभोवती जरा फिकट कारण माणूस पहिले डोळे पुसतो. शेड घेतली ती जांभळं खाल्ल्यावर जीभ होते ना तसली, निळ्याकडे झुकणारी पण खाली गुलाबी राहणारी. डोळ्यांचा पांढरा भाग आणि दात स्वच्छ ठेवले, कारण लुसीचं अर्धं काम डोळ्यांवर चालतं, ते बुडाले तर काय उरलं. रेंडर लावला, म्हणजे कॉम्प्युटरकडून रंगीत शॉट तयार करून घेतला, आणि आवाजासकट चालवला. ती आली, मागून ते हसू आलं, आणि आम्ही तिघं पण त्याच जागी हसलो. मी तो शॉट दिवसभर बघत होते तरी हसले.

क्लायंटच्या नोट्स यायला रात्र होणार होती म्हणून थांबलो, तेवढ्यात लीडने तिच्याबद्दल अजून सांगितलं. 1960 मध्ये घटस्फोट झाला आणि 1962 मध्ये तिने नवऱ्याचे शेअर विकत घेऊन डेझिलू हा दोघांचा अख्खा स्टुडिओ एकटीने चालवायला घेतला. हॉलीवूडचा एवढा मोठा स्टुडिओ चालवणारी ती पहिलीच बाई धरतात. 'स्टार ट्रेक' या अंतराळातल्या सिरियलला तिच्या बोर्डावरचे लोक नको म्हणत होते, महागात जाईल म्हणून, ही मागे उभी राहिली. 1967 मध्ये 1 कोटी 70 लाख डॉलरला विकून मोकळी. आणि हीच बाई कॅमेऱ्यासमोर नवऱ्याकडे घरखर्चाला पैसे मागून रडणारी गृहिणी. लीड म्हणाला, "हिच्याकडे नोकरी करायला आवडलं असतं." मला ते तितकं पटलं नाही. सेटवर फार कडक होती असं सगळेच सांगतात, आपला मास्क एक पिक्सेल हलला असता तर गेलो होतो.

रंग चढवणं वाईट असं म्हणणारे खूप लोक आहेत आणि त्यांच्याशी मी भांडत नाही. मला स्वतःला ही सिरियल काळी-पांढरीच आवडते, सेटच तसा बांधलेला आहे. अपवाद हा एक एपिसोड.

साडेदहाला मेल आला. जांभळ्यावर एक शब्द नाही, सगळे शॉट पास. केस पास. एकच नोट होती, हॉटेलच्या खोलीची भिंत जरा जास्त हिरवी वाटतेय, मूळ रंगाच्या जवळ न्या. लीडने वाचलं, माझ्याकडे बघितलं, म्हणाला, "दहा टक्के कमी कर आणि घरी जा." मी पंधरा टक्के कमी केला आणि गेले.