अखेर जास्वंद फुलली!

आज सकाळी चहा ठेवायच्या आधी बाल्कनीत डोकावले आणि ओरडलेच. लाल, एकेरी, आपण गणपतीला वाहतो तीच.

नर्सरीतून आणली तेव्हा सात-आठ कळ्या होत्या. मी कौतुकाने हॉलमध्ये टीपॉयशेजारी ठेवली. आठवड्याभरात सगळ्या कळ्या गळाल्या, आणि पानांच्या बेचक्यात कापसासारखं पांढरं काहीतरी दिसायला लागलं. पिठ्या ढेकूण! (नाव काय गोड आहे ना?) मग रोज जुना टूथब्रश आणि साबणाचं पाणी, वरून कडुलिंबाचं तेल. आईला फोन केला तर म्हणाली, "अगं, हॉलमध्ये ठेवायला ती काय शोपीस आहे? पाच-सहा तास ऊन हवं तिला. आणि निम्मी छाटून टाक." छाटताना जीव तुटला माझा. पण जास्वंदीला फुलं येतात ती नव्या फुटीलाच.

फूल तोडून गणपतीला वाहायचं की झाडावरच ठेवायचं, यावर घरात दहा मिनिटं चर्चा. एका दिवसाचं तर आयुष्य त्याचं. शेवटी झाडावरच राहिलं. आता सहा वाजलेत, पाकळ्या मिटायला लागल्यात. खालच्या फांदीवर अजून दोन कळ्या आहेत, एकीचा लाल रंग डोकावतोय.