जात्यावरची जनी

आज दिवसभर जात्यावरच्या ओव्यांतली जनाबाई ऐकली. इथं ती नुसती ‘जनी’, आणि विठ्ठल तिच्यासोबत दळतो, गोवऱ्या वेचतो. कबीर भेटीला आला तेव्हा जनी गोवऱ्यांवरून भांडत होती. ज्या गोवरीतून ‘विठ्ठल’ ऐकू येईल ती तिची, हा निवाडा आज्यांना तोंडपाठ.

ओव्या टिपून घेणाऱ्यांनो, आजीला खुर्चीत बसवून विचारू नका. चाल जात्याच्या फेऱ्यावर बसलेली असते, हात थांबला की ओळ अडते. समोर दुसरी बाई बसवा. एकीनं सोडलेली ओळ दुसरी उचलते. मूठमूठ दाणे घालत राहा, रिकाम्या जात्यात दगडावर दगड घासतो आणि घरघरीत शब्द बुडतात. गिरणी आल्यावर पहाटेचं दळण गेलं. हळदीचं जातं उरलंय, पण तिथं लग्नाच्याच ओव्या जास्त. जनीसाठी वेगळं बसावं लागतं.