तीन आठवडे शून्य

दिंडोरीहून फोन आला तेव्हा मी डबा उघडत होतो.

"साहेब, मोटर रात्री बारा वाजता आपोआप सुरू होतीये. मी पहाटे पाचची वेळ लावलेली आहे."

"दादा, वेळ परत एकदा लावून बघा."

"दोनदा लावली. परत बाराच."

ऑक्टोबर छाटणी होऊन बागेत फुटी निघालेल्या होत्या. या दिवसांत पाण्याचा हिशेब चुकला की द्राक्ष बागायतदाराला झोप लागत नाही, आणि मग तो आम्हालाही लागू देत नाही. अंबडला आमचं लहानसं युनिट आहे, ठिबकचे आठ व्हॉल्व्हचे कंट्रोलर बनवतो. त्यातला सी भाषेतला कोड मी आणि एक नवा मुलगा, असे दोघे बघतो.

मी मुलाला छातीठोकपणे सांगितलं, "कोडमध्ये काही नसणार. सीपीपीचेक बघ, शून्य इशारे आहेत."

त्यानं मागचे सगळे बिल्ड, म्हणजे कोडपासून प्रोग्रॅम तयार करायच्या फेऱ्या, वर-खाली करून पाहिले. "सर, आधी दर वेळी पंधरा-वीस तरी असायचे. आता तीन आठवडे सलग शून्य. आपण एवढे हुशार कधी झालो?"

मी डबा बंद केला.

सीपीपीचेक हे लिंटरच्या जातीतलं साधन. कोड न चालवता नुसता वाचून चुका काढतं. लिंट म्हणजे कपड्याला चिकटणारा सुताचा केर. बेल लॅब्समध्ये स्टीफन जॉन्सन यांनी १९७८ साली असा पहिला प्रोग्रॅम लिहिला, त्याचंच हे नाव. तीन आठवडे आमच्या कपड्यावर एक तंतूही नव्हता. अहवालाची फाइल उघडली तर आत एकच ओळ: एरर व्हाइल लोडिंग शेअर्ड लायब्ररीज, लिबटायनीएक्सएमएल२ डॉट एसओ डॉट ९, अशी फाइल सापडत नाही.

म्हणजे सीपीपीचेकनं आमच्या कोडची एक ओळही वाचलेली नव्हती. ते सुरूच झालं नव्हतं.

यामागचा शहाणपणा सगळा माझाच. नव्या आवृत्तीबरोबर नवे इशारे येऊन डोक्याला ताप नको, म्हणून मशीनवर उबंटू या ऑपरेटिंग सिस्टीमची २२.०४ आवृत्ती असतानाच मी सीपीपीचेकची चालणारी फाइल उचलून ऑप्ट फोल्डरमध्ये ठेवली होती. पण असा प्रोग्रॅम एकटा नसतो. एक्सएमएल वाचायचं काम तो टायनीएक्सएमएल२ नावाच्या लायब्ररीकडून करून घेतो, आणि ती सिस्टीमच्या फोल्डरमध्ये वेगळी असते, चार प्रोग्रॅम मिळून वापरतात. मी नवरदेव आणून ठेवला, वऱ्हाड तिकडेच राहिलं. पुढे एका शनिवारी, मिसळ हाणून आल्यावर, मीच मशीन २४.०४ वर नेलं. अपग्रेड संपताना 'जुनी पॅकेजेस काढू का' असं त्यानं विचारलं. मी 'हो' म्हटलं. ९ गेली, १० आली. माझी जुनी फाइल मात्र ९ चाच धोशा लावून बसली. प्रोग्रॅमला लागणाऱ्या लायब्ररी सापडतात का ते दाखवणारं एलडीडी चालवलं, तर ९ च्या नावापुढे स्वच्छ लिहिलेलं: नॉट फाउंड.

मग बिल्ड लाल होऊन अडला का नाही? हे मला जास्त लागलं. लायब्ररी न मिळाल्यानं प्रोग्रॅम १२७ हा कोड देऊन मरत होता. पण स्क्रिप्टमध्ये त्या ओळीच्या शेवटी मी 'ऑर ट्रू' चिकटवलं होतं. काही होवो, पुढे चल. वास्तविक त्याची गरजच नव्हती. सीपीपीचेकला चुका सापडल्या तरी, वेगळं सांगितल्याशिवाय, ते शून्यच परत देतं. म्हणजे शून्याशिवाय काही आलं तर समजायचं की साधनच बिघडलंय, आणि नेमकी तेवढीच खूण मी पुसून टाकली होती. त्याचे इशारे पडद्यावरच्या चुकांच्या वाटेनं येतात, तीच वाट मी अहवालाच्या फाइलकडे वळवलेली. प्रोग्रॅम सुरू होताना लायब्ररी जोडून देणाऱ्या लोडरची तक्रारही गुपचूप तिथेच जाऊन बसली. स्क्रिप्ट त्या फाइलमध्ये 'एरर' आणि लगेच पुढे कोलनचे दोन ठिपके, अशा ओळी मोजत होती. लोडरच्या ओळीत 'एरर' होतं, पुढे 'व्हाइल' होतं. दोन ठिपके नसल्यामुळे मोजदाद शून्य.

मुलगा म्हणाला, "सर, १० लाच ९ नावाची लिंक करून देऊ? एका मिनिटात होईल."

"अरे, आडनाव बदललं म्हणून रक्तगट बदलतो का?"

तो आकडा शोभेचा नसतो. लायब्ररीची आतली मांडणी अशी बदलली की जुन्या प्रोग्रॅमशी जुळणार नाही, की तो वाढवतात. लिंकवर ते कदाचित चाललंही असतं, पण त्या दिवशी मला 'कदाचित चाललं' नको होतं. ऑप्टमधली फाइल उडवली, २४.०४ च्या पॅकेजमधलं सीपीपीचेक त्याच्या लायब्ररींसकट घेतलं आणि 'ऑर ट्रू' खोडलं.

अहवाल आला, तेवीस इशारे. बरेचसे किरकोळ. एक मात्र असा की दोघंही खुर्चीत सरळ झालो: आठ घरांच्या ॲरेत नवव्या घराला हात. पाळी संपल्यावर व्हॉल्व्हच्या नोंदी पुसणारं लूप, त्यात 'आठपेक्षा कमी' ऐवजी 'आठ किंवा कमी' लिहिलेलं. अशा एका घरानं चुकण्याला ऑफ-बाय-वन म्हणतात. आठ घरं पुसून झाली की ते शेजारच्या जागेतही शून्य लिहायचं. शेजारी होता सुरू व्हायचा तास. पहाटेचे पाच गेले, शून्य आलं, म्हणजे रात्रीचे बारा.

बाकीच्यांचे फोन का नाही आले, तेही मग उलगडलं. शेतीची लाईट आठवडाभर दिवसा, आठवडाभर रात्री. ज्यांच्याकडे दिवसाची होती त्यांच्याकडे बारा वाजता लाईटच नाही, मोटर सुरू होणार कशानं? दिंडोरीच्या दादांची रात्रपाळी होती. दुसऱ्या दिवशी मुलगा मोटारसायकलवर जाऊन त्यांच्या कंट्रोलरमध्ये नवा कोड भरून आला. येताना त्यांनी दिलेली मेथीची जुडी होती, आणि माझ्यासाठी निरोप: "साहेबांना म्हणावं, आता तुम्हीपण झोपा."

त्यानंतर रिपॉझिटरीत, म्हणजे आमचा सगळा कोड ठेवतो तिथे, मी मुद्दाम चुकीची एक फाइल ठेवली, तेच आठ-नऊचं लूप लिहून. दर बिल्डला सीपीपीचेक आधी तिच्यावर चालतं. तिच्यात चूक सापडली नाही, तर साधन आंधळं झालंय असं धरून बिल्ड तिथेच थांबतो. मुलानं तिचं नाव ठेवलं 'लिंबूमिरची'.

परवा बिल्ड अडला. मी घाम पुसत एलडीडी चालवलं, सगळ्या लायब्ररी जागच्या जागी. तासाभरानं कळलं: आठवड्यापूर्वी रुजू झालेल्या मुलीनं 'सर, यात एक ऑफ-बाय-वन होता' म्हणत लिंबूमिरची दुरुस्त केली होती.