गडचिरोलीत ग्रामसभा बघायला जायचं तर: मेंढा ते कोरची

गडचिरोलीला रेल्वेने जायचं तर गोंदिया-बल्लारशा मार्गावर वडसा स्टेशनाला उतरायचं आणि पुढे एसटी धरायची. नागपूरहून रस्त्याने आलात तर उमरेड, नागभीड, ब्रह्मपुरी करत वैनगंगा ओलांडून आरमोरी लागतं. आरमोरीपर्यंत दोन्ही बाजूंना धानाच्या बांध्या दिसतात, पुढे जंगल रस्त्याच्या जवळ यायला लागतं. 1982 साली चंद्रपूरमधून वेगळ्या झालेल्या या जिल्ह्याचा तीन चतुर्थांश भाग जंगलच आहे. बहुतेक लोक इथे हेमलकसा नाहीतर मार्कंडा बघायला येतात. मी लिहितोय ते इथल्या ग्रामसभांबद्दल. जंगलावरचा हक्क कायद्याने मिळाल्यानंतर गावं तो चालवतात कसा, हे बघायला यापेक्षा चांगला जिल्हा देशात शोधून सापडणार नाही.

यायचं कधी, हे आधी ठरवा. तेंदूचं, म्हणजे विडीच्या पानांचं, काम बघायचं असेल तर मेचा पहिला पंधरवडा गाठा. पारा 45 च्या आसपास असतो आणि दुपारी अकरा ते चार रस्त्यावर कुणी दिसत नाही. बांबूची कटाई बघायची तर दिवाळीनंतर. जूनच्या मध्यापासून नाले भरतात, गावं पेरणीत गुंततात आणि सभाही लांबणीवर पडतात. मुक्काम गडचिरोली शहरात ठेवावा, आतल्या रस्त्यांवरून अंधार पडायच्या आत परतावं.

पहिला थांबा मेंढा (लेखा). गडचिरोली-धानोरा रस्त्यावर साधारण 30 किलोमीटरवर हे गोंडांचं गाव आहे. वस्ती 500 च्या आसपास. ‘दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार’ ही घोषणा इथलीच, आणि ती इतकी गाजली की लोक घोषणेचा फोटो काढून परततात. खरं बघण्यासारखं आहे ते निर्णय घेण्याचं यंत्र. त्याचे दोन भाग. पहिला अभ्यास गट: विषय दारूबंदीचा असो, बांबूचा असो की एखाद्या कायद्याचा, ज्याला बसायचं त्याने बसावं, बाहेरच्या माणसालाही मज्जाव नाही, पण गटाला निर्णयाचा अधिकार अजिबात नाही. दुसरा भाग ग्रामसभा. तिथे निर्णय सर्वसहमतीने होतो, हात मोजले जात नाहीत. एकाचाही विरोध टिकून असेल तर विषय पुढच्या सभेवर जातो. गावचे देवाजी तोफा आणि ‘वृक्षमित्र’ संस्थेचे मोहन हिराबाई हिरालाल यांनी ही पद्धत वर्षानुवर्षं घासून पक्की केली.

सर्वसहमतीचं कौतुक करताना एक गोष्ट सोयीस्करपणे विसरली जाते. ती एका टोल्याच्या (टोला म्हणजे वस्ती), एका बोलीच्या, एकमेकांना रोज भेटणाऱ्या गावात चालते. तीन-चार टोले आणि पाच-सहा जाती असलेल्या महसुली गावात तीच पद्धत नेली की एक तर सभा अडते, नाहीतर बोलका गट बाकीच्यांचं मौन संमती म्हणून लिहून टाकतो. त्यावर उपाय कायद्यातच आहे. आदिवासी भागातल्या ग्रामसभांना अधिकार देणारा 1996 चा पेसा कायदा आणि त्याचे 2014 चे महाराष्ट्राचे नियम यांनुसार पाड्याला किंवा टोल्याला ठराव करून स्वतंत्र गाव म्हणून घोषित होता येतं. ज्यांनी हे आधी केलं त्यांची पुढची कामं सुरळीत झाली. ज्यांनी गटग्रामपंचायतीच्या नावावरच वनहक्काचा दावा टाकला, त्यांच्यात आजही कुठलं जंगल कोणाचं यावरून कुरबुरी आहेत.

मेंढ्याचा इतिहास थोडक्यात सांगतो. ऐंशीच्या दशकात इंद्रावती-गोदावरीवरच्या भोपालपट्टणम आणि इंचमपल्ली धरणांविरुद्ध ‘जंगल बचाव, मानव बचाव’ आंदोलन उभं राहिलं. त्यातून या भागातल्या गावांना संघटनेची सवय लागली. पुढे दारूविरोधी चळवळ आणि 1993 ची जिल्हा दारूबंदी. मग जंगलातल्या बांबूवरून कागद गिरणीच्या ठेक्याशी झगडा. वनहक्क कायदा 2006 मध्ये आला आणि 2009 मध्ये मेंढ्याला 1800 हेक्टरांहून थोड्या जास्त जंगलावर सामूहिक हक्क मिळाला; शेजारचं मर्दाही त्याच वेळी. देशातल्या अगदी पहिल्या पट्ट्यांपैकी, म्हणजे हक्काच्या दाखल्यांपैकी, हे.

पट्टा मिळाला तरी बांबू काही गावाबाहेर हलेना. कायद्याच्या कलम 2 मध्ये बांबू गौण वनोपजात, म्हणजे इमारती लाकूड सोडून मिळणाऱ्या जंगलाच्या उत्पन्नात, स्पष्ट लिहिलेला आहे. वनखातं मात्र 1927 च्या भारतीय वन अधिनियमावर बोट ठेवायचं. त्यात बांबू ‘झाड’ होता. वाहतूक परवान्याशिवाय गाडीभर बांबू नेला तर तो चोरीचा माल ठरतो, म्हणजे मालकी गावाची पण विक्री अशक्य. ही कोंडी फुटली 27 एप्रिल 2011 रोजी. तेव्हाचे केंद्रीय मंत्री जयराम रमेश आणि मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण यांच्या उपस्थितीत मेंढ्यातच परवाना पुस्तक ग्रामसभेच्या हाती दिलं गेलं. सप्टेंबर 2012 च्या सुधारित नियमांनी हा अधिकार सगळ्याच ग्रामसभांना दिला. 1927 च्या कायद्यातली ती ओळ बदलायला 2017 उजाडलं.

परवाना पुस्तक हातात घेऊन बघा. अनुक्रमांक, मालाचा प्रकार, नग, गाडीचा नंबर, कुठून कुठे, किती वाजेपर्यंत ग्राह्य, सही-शिक्का आणि मागे राहणारी स्थळप्रत. भानगड होते ती बहुधा दोन ठिकाणी. ‘नग’ची जागा कोरी ठेवून सही झालेली असते आणि ठेकेदार ती नंतर भरतो, किंवा मुदतीची वेळ न लिहिल्यामुळे एकाच परवान्यावर गाडी दोनदा फिरते. नाक्यावर पकडलं गेलं की बदनामी ग्रामसभेची होते आणि ‘यांना जमत नाही’ म्हणणाऱ्यांना आयतं निमित्त मिळतं. शहाण्या गावांत परवाना लिहिणारा एक आणि गाडीतले नग मोजणारा दुसरा असतो.

इतर गावांत हिंडताना लोक हमखास विचारतात, की दाव्याला काय काय लागतं. ग्रामसभेने वनहक्क समिती निवडायची: 10 ते 15 जण, त्यात निदान एक तृतीयांश बाया आणि आदिवासी गाव असेल तर दोन तृतीयांश आदिवासी. सभेला गावातल्या निम्म्या प्रौढांची हजेरी लागते आणि हजर असलेल्यांत एक तृतीयांश बाया हव्यात. एरवीच्या ग्रामसभेचा कोरम याहून बराच कमी असतो, त्यामुळे नेहमीच्या सवयीने सभा उरकली की दावा तिथेच कच्चा राहतो. पुरावे किमान दोन: निस्तारपत्रक (गावाच्या जंगलवापराची जुनी सरकारी नोंद), जुने नकाशे, देवस्थानाची-स्मशानाची जागा, म्हाताऱ्यांचे जबाब. मग हद्दीवर चालत जाऊन शेजारच्या गावांसमोर सीमा ठरवायची आणि त्यांच्या सह्या घ्यायच्या. दावा उपविभागीय समितीकडे, तिथून जिल्हास्तरीय समितीकडे.

पट्टा हातात आला की फोटो काढण्याआधी तीन गोष्टी वाचाव्यात. जंगलाच्या तुकड्यांचे कक्ष क्रमांक दाव्याप्रमाणे आहेत का. क्षेत्र मागितल्यापेक्षा कमी केलंय का आणि केलं असेल तर कारण लेखी दिलंय का. आणि खाली कायद्यात नसलेली एखादी अट घुसडलीय का. बऱ्याच ठिकाणी वनविकास महामंडळाच्या ताब्यातले कक्ष गुपचूप वगळलेले निघाले. पट्टा समारंभात मिळतो, भाषणं होतात, आणि मग तो ट्रंकेत जातो. चूक दोन वर्षांनी बांबू तोडायला गेल्यावर कळते.

बांबूचं गणित जंगलातच समजून घ्यावं. इथला मुख्य बांबू मानवेल. रांजीत, म्हणजे बांबूच्या बेटात, यंदाचे कोंब, गेल्या वर्षीचे आणि त्याआधीचे असे वेगवेगळ्या वयाचे बांबू असतात. कोवळे राखायचे, पिकलेल्यांतलेही काही आधाराला ठेवायचे आणि कापताना जमिनीपासून वीतभर तरी बुडखा सोडायचा. फार खाली कापलं तर कंद दुखावतो, फार वर कापलं तर रांजीत खुंटांची गर्दी होऊन आत शिरता येत नाही. पावसाळ्यात तोड बंद, कारण तेव्हा वास्ते (नवे कोंब) फुटतात. त्यांची भाजी चवदार लागते, म्हणून किती काढायचे याचाही नियम लागतो. जंगलाचे तीन-चार भाग पाडून दरवर्षी एकच तोडायचा. नगावर मजुरी असली की तोडणारा रांजीच्या कडेचे सोपे, कोवळे बांबू आधी घेतो आणि आतले पिकलेले तसेच राहतात. त्यामुळे मजुरीचा दर ठरवतानाच ‘कोवळा निघाला तर पैसे नाहीत’ हे लिहून घ्यावं लागतं.

आता तेंदू. पैसा खरा इथे आहे, आणि गोंधळही. पहाटे चारला घरातली सगळी मंडळी जंगलात निघतात. उन्हं चढायच्या आत पानं घरी, मग दुपारभर अंगणात पुडे बांधणं. महाराष्ट्रात पुडा 70 पानांचा, आणि असे 1000 पुडे म्हणजे एक प्रमाण गोणी; म्हणजे गोणीमागे सत्तर हजार पानं हाताखालून जातात. संध्याकाळी सगळं फळीवर येतं. फळी म्हणजे गावाबाहेरचं सपाट केलेलं मैदान. पुडे शंभराच्या रांगांनी मांडतात, फळी मुन्शी रांगांमधून चालत मोजतो, मधूनच एखादा पुडा उचलून पानं पंख्यासारखी उघडतो, भोकं पडलेली किंवा लाल पडलेली पानं दिसली तर बाजूला टाकतो आणि घराच्या कार्डावर आकडा चढवतो. पुढचे काही दिवस पुडे उन्हात, मध्ये उलटवायचे, आणि भरायच्या आधी पाणी शिंपडायचं, नाहीतर वाळलेलं पान गोणीत चुरा होतं. अवकाळी पाऊस आला तर फळीवरचा सगळा माल काळा पडतो. तो तोटा कोणाचा, हे करारात लिहिलेलं नसेल तर गावाचाच.

जुनं दुखणं आहे शेकड्यामागे फुकट मागितल्या जाणाऱ्या पुड्यांचं. ‘खराब निघतात’ म्हणून मुन्शी शंभरावर दोन-चार जास्तीचे घेतो. आकडा किरकोळ वाटतो, पण शेकड्यामागे चार म्हणजे 25 गोण्यांवर एक गोणी गेली. मुन्शी ठेकेदाराचा असेल तर ग्रामसभेने स्वतःचा मोजणारा शेजारी उभा करावा. दोन वह्या रोज संध्याकाळी तिथल्या तिथे जुळवाव्यात.

विक्रीची तयारी डिसेंबर-जानेवारीत सुरू होते: ठराव, वर्तमानपत्रात जाहिरात, बंद लिफाफे, सर्वांसमोर उघडणं, करार, आगाऊ रक्कम. 2017 मध्ये दर असे चढले की गावागावांत मोटारसायकली आल्या. 2018 मध्ये ते कोसळले, ठेकेदारांनी आपसात ठरवून कमी बोली लावल्याची ओरड झाली, आणि काहींनी माल नेऊन पैसे थकवले. ज्या गावांनी गोदामाची किल्ली आणि परवाना पुस्तक स्वतःकडे ठेवून ‘हप्ता जमा, तेवढ्याच गोण्या बाहेर’ हे पाळलं, ती वाचली. ओळखीच्या शब्दावर गाड्या सोडणारी गावं अजून पत्रं लिहितायत. त्यात 2017 पासून जीएसटी, सप्टेंबर 2025 पर्यंत तो 18 टक्के होता. बोलीचा दर कर धरून की वगळून, हे लिहिलेलं नसेल तर शेवटच्या हप्त्यातून तो कापला जातो. ग्रामसभेच्या नावावर पॅन नसलं तर कराची कपात जास्त दराने होते. पाचवी शिकलेल्या सचिवाला हे सगळं सांभाळायचं असतं, आणि सांभाळतोही. शहरातल्या कितीतरी सोसायट्यांचे हिशेब याहून वाईट अवस्थेत असतात.

तेंदूला नाही म्हणणारं गावही आहे: चंद्रपूर जिल्ह्यात गोंडपिपरी तालुक्यातलं पाचगाव. 2012 मध्ये हजारेक हेक्टरांवर हक्क मिळाला आणि त्यांनी तेंदू तोडायचाच नाही असं ठरवलं. जास्त पानांसाठी झुडपं छाटली जातात, नवी पालवी यावी म्हणून आग लावली जाते, आणि फळ धरत नाही म्हणून पाखरांचं खाणंही जातं, ही कारणं. उत्पन्न बांबूवर. सगळ्यांना हे परवडेलच असं नाही. बांबू विरळ असलेल्या गावाने तेंदू सोडला तर वर्षाचा रोख पैसा येणार कुठून?

शेवटचा टप्पा कोरची. वडसा-कुरखेडा करत जिल्ह्याच्या ईशान्य टोकाला, छत्तीसगडच्या हद्दीशी. एकेकट्या ग्रामसभेला ठेकेदार खेळवतो म्हणून इथल्या सुमारे 90 ग्रामसभांनी मिळून महाग्रामसभा केली. लिलाव एकत्र, कराराचा मसुदा एक, थकबाकीदाराचं नाव सगळ्यांना माहीत. प्रत्येक गावाचे प्रतिनिधी बाया आणि पुरुष दोन्ही. झेंडेपारच्या लोहखनिज खाणीला विरोध करणारे ठरावही याच जाळ्यातून आले. महाग्रामसभा मोठी झाली तशी एक अडचणही वाढली: गावाने ठरवायचे विषय तिथेच ठरायला लागतात, कारण तिथे वाचता-बोलता येणारी माणसं जमतात. प्रतिनिधीने परत येऊन गावात काय सांगितलं, याची नोंद फार थोड्या वह्यांत सापडते.

वही बघायची इच्छा असेल तर आधी निरोप पाठवा आणि ग्रामसभेची परवानगी घ्या. थेट अंगणात जाऊन कॅमेरा काढू नका. परवानगी मिळाली तर इतिवृत्ताचं पान नीट बघा. ‘चर्चा झाली’ लिहिलंय की ‘ठरलं’, शेवटच्या ओळीनंतर लगेच सह्या आहेत की अर्धं पान मोकळं सोडलंय, आणि बायांच्या सह्या सभेच्या दिवशीच्या आहेत की एकाच पेनाने एकाच हाताने उमटलेल्या. तेंदूच्या रॉयल्टीचं वाटपपत्रकही मागा. बँक लांब असल्याने बरीच गावं रोख वाटतात. तिथे कार्डावरचे पुडे, दर आणि रक्कम प्रत्येक घराची मोठ्याने वाचून मगच सही-अंगठा घेतात, आणि नाव तोडणाऱ्या बाईचं लिहायचं की घरच्या पुरुषाचं, यावर अनेक गावांत अजून वाद चालू आहे.