आमच्या हापशीची बातमी गोंडीत गेली

सीजीनेट स्वर ही फोनवरची बातमीसेवा शुभ्रांशु चौधरी यांनी 2010 साली सुरू केली, ती प्रामुख्याने छत्तीसगडच्या आदिवासी भागासाठी. आमचा गडचिरोली जिल्ह्यातला कोरची तालुका छत्तीसगडच्या सीमेला लागूनच. सोयरीक तिकडची, गोंडी दोन्हीकडे. नंबरही सोयऱ्यांकडूनच मिळाला.

गावच्या हापशीला लाल पाणी यायचं. भातही तांबूस दिसायचा. मराठीत अर्ज दिले, पोच मिळाली, पण कोणी फिरकलं नाही.

रीत सोपी होती. नंबर लावून कट करायचा, मग तिकडून फोन यायचा, त्यामुळे आपला पैसा लागत नसे. बोलायचं तर 1, ऐकायचं तर 2. अडचण होती रेंजची. तलावाच्या पाळीवर एकाच ठिकाणी ती टिकायची.

मी बोलू शकलो असतो, पण पाणी बाया भरतात. म्हणून काकूला नेलं. साहेबांपुढे ती तोंड उघडत नाही, कारण तिथे मराठी लागते. गोंडीत मात्र अडखळली नाही. पाणी लुगड्याच्या दुहेरी पदरातून गाळते, तरी सकाळी गुंडाच्या, म्हणजे पाण्याच्या भांड्याच्या, तळाशी गाळ बसलेला असतो, हे तिने असं सांगितलं की ऐकणाऱ्याला तो गुंड दिसावा. शेवटी गाव, तालुका आणि संबंधित साहेबांचा नंबर मी सांगितला. हा नंबर सर्वांत महत्त्वाचा, कारण ऐकणारे थेट तिथेच फोन लावतात.

संदेश लगेच लागत नाही, म्हणजे सगळ्यांना ऐकू येत नाही. आधी तिकडून फोन आला: अर्ज कधी दिला, पोच आहे का, हापशी कोणत्या टोल्यावर, म्हणजे वस्तीवर? या चौकशीने माझा भरवसा वाढला. ऐकीव गोष्ट तशीच पुढे जात नव्हती.

2011 च्या जनगणनेत गोंडी बोलणारे 29 लाखांवर आहेत, तरी राज्यघटनेत मान्य भाषांची यादी असलेल्या आठव्या अनुसूचीत गोंडी नाही. सामुदायिक रेडिओ संस्थांना 2006 पासून काढता येतो, पण त्यावर स्वतःच्या बातम्या देण्याची मुभा नाही. मग आमच्या बाईने आपलं म्हणणं मांडायचं कुठे? साधा बटनाचा फोन म्हणूनच आम्हाला मोठा वाटला.

संदेश लागल्यावर अनोळखी माणसांनी साहेबांना फोन केले. मग मिस्त्री आला, गंजलेले पाइप बदलून गेला. काम झालं हे कळवायला काकूने पुन्हा फोन लावायला सांगितला, आणि त्याच कॉलमध्ये शेजारच्या टोल्यावरची बंद हापशीही सांगून टाकली.