‘सगळ्यांना समोर ठेव’, म्हणे!

तलवारबाजीच्या ऑनलाइन गेममध्ये आपण एकटे आणि अंगावर तिघे असले की काय करायचं, हे मी भेटेल त्या जुन्या खेळाडूला विचारलं. उत्तर ठरलेलं. ‘सगळ्यांना समोर ठेव.’ कसं ठेवू, ते एकालाही सांगता आलं नाही. ती तिघं काही माझ्या सोयीनं समोर उभी राहायला आलेली नसतात. या तीन शब्दांपायी माझे सात-आठ महिने गेले. आता जमतं, म्हणजे बऱ्यापैकी जमतं, पण राग गेलेला नाही.

आधीचं थोडक्यात. ‘माउंट अँड ब्लेड: वॉरबँड’वर हात बसला. २०१० चा गेम, दिसायला ओबडधोबड, पण चार दिशांनी वार आणि चार दिशांनी अडवणं हे गणित त्यानं पक्कं करून घेतलं. २०१९ मध्ये ‘मॉर्डहाउ’ आला, तिथे फेंट, म्हणजे हुलकावणीचे खोटे वार, खाऊन खाऊन डोळे तयार झाले. जून २०२१ मध्ये ‘शिव्हलरी २’ आला आणि मी तिथेच मुक्काम ठोकला. एकास एक लढाईत माझं छान चाललं होतं. त्यामुळे समजूत अशी की एकाला हरवता येतं, तर दोघांसाठी हात दुप्पट चालवला की झालं.

झालं काहीच नाही. ‘शिव्हलरी २’मध्ये मोठ्या लढाईत चौसष्ट जण असतात, आणि आपल्या बाजूचे लोक नेमके आपल्याला गरज असते तेव्हा दुसरीकडे पळालेले असतात. मी दर दोन मिनिटांनी दोघा-तिघांच्या तावडीत सापडायचो आणि दर दोन मिनिटांनी मरायचो. मरायचो तोही एकाच पद्धतीनं. तिघे दिसले की मी त्यांच्याकडे तोंड करून मागे मागे सरकायचो. मला वाटायचं, हेच ते ‘समोर ठेवणं’. तिघेही समोर आहेत की! पहिले दोन-तीन सेकंद खरंच असायचे. मग मधला तिथेच राहायचा आणि कडेचे दोघे दोन बाजूंनी पसरायचे. मी पहिल्याचा वार अडवायचो, दुसऱ्याचा अडवायचो, आणि तिसऱ्याची कुऱ्हाड मानेत.

इथे मी काय करावं? मी अडवण्याचा सराव वाढवला. रोज तासभर. एका गेमचं सराव मैदान आहे, नाव घेत नाही, तिथे संगणकाचे दोन-तीन सैनिक अंगावर घेता येतात. ते इतके सभ्य की एकाचा वार पूर्ण झाल्याशिवाय दुसरा हात उचलत नाही. पहिले आप! मी त्या तिघांना झोपेतसुद्धा हरवायला लागलो आणि खऱ्या माणसांपुढे होतो तिथेच राहिलो. खरी माणसं वाट पाहत नाहीत. बरी खेळणारी तर मुद्दाम पाव सेकंद उशिरा वार करतात, कारण पहिला वार अडवून तुमचं शस्त्र खाली येत असताना दुसरा आत शिरतो, हे त्यांना ठाऊक असतं. त्या मैदानात गेलेले तास मला कुणी परत देणार नाही.

मग एका रात्री चिडून स्वतःच्या खेळाचं रेकॉर्डिंग लावलं. ओळीनं वीस मरणं पाहिली. पाहण्यासारखा कार्यक्रम नव्हता. पण एक गोष्ट दिसली आणि मी अक्षरशः पडदा थांबवून बसलो. जवळजवळ प्रत्येक वेळी मरतानाच्या क्षणी पडद्यावर एकच शत्रू होता, आणि त्याचा वार मी अगदी बरोबर अडवलेला होता! मारणारा पडद्यावर नव्हताच. म्हणजे सात-आठ महिने मी हात सुधारत होतो आणि दुखणं पायात होतं.

पायाचं गणित साधं निघालं. या जातीच्या गेममध्ये मागे सरकण्याचा वेग पुढे धावण्याच्या वेगापेक्षा कमी असतो. म्हणजे मी मागे सरकतोय आणि ते पुढे येताहेत, तर ते मला गाठणारच, आणि गाठताना बाजूंनी फिरायला त्यांच्याकडे वेळही उरणार. मागे सरकून तुम्ही त्यांना समोर ठेवत नाही, स्वतःभोवती गोल करायला सवड देता. हे कुणी आधी का सांगितलं नाही?

करायचं असतं ते असं. तिघे आडवे पसरलेले असतील तर मधल्याकडे बघायचंच नाही. कडेचा एक निवडायचा, डावा किंवा उजवा, आणि त्याच्या बाहेरच्या अंगानं पुढे जायचं. हो, पुढे. चार-पाच पावलं त्याच्या बाहेरून वळसा घेतला की तो तुमच्या आणि उरलेल्या दोघांच्या मध्ये येतो. आता ते तिघे आडवे नसून एकामागे एक उभे आहेत. मागच्या दोघांना तुमच्यापर्यंत यायला पुढच्याला ओलांडावं लागतं, आणि ओलांडताना त्यांचे वार त्यालाच लागतात. ‘शिव्हलरी २’मध्ये स्वतःच्या माणसाला वार लागला तरी जखम होते, ही देवाची कृपा. माझ्या पहिल्या काही विजयांतले निम्मे बळी खरं तर त्यांनीच एकमेकांचे घेतले. दोन हातांनी फिरवायच्या मोठ्या शस्त्रांचा शौकीन समोर असेल तर त्याला त्याच्याच मित्रामागे ठेवा आणि गंमत बघा.

ही रांग दोन-तीन सेकंदच टिकते. मग ते पुन्हा पसरतात आणि तुम्ही पुन्हा बाहेरून वळसा घ्यायचा. थांबलात की गोल पूर्ण झाला. मला सुरुवातीला हे थांबून-थांबून जमायचं, एक वळसा, एक झटापट, मग पुन्हा वळसा. पाय सतत चालू ठेवून हात वेगळे चालवणं अंगवळणी पडायला तीनेक आठवडे लागले, आणि त्या तीन आठवड्यांत मी आधीपेक्षा जास्त मेलो. हे आधी सांगून ठेवतो, नाहीतर चौथ्या दिवशी मला शिव्या द्याल.

वळसा घ्यायला जागाच नसेल तर सरळ पाठ दाखवून पळायचं. यात मला फार लाज वाटायची. पण पळणाऱ्याचा पाठलाग तिघे सारख्या वेगानं करत नाहीत. एक उतावळा असतोच. तो पुढे येतो, दुसरा चार पावलं मागे, तिसरा चिलखताच्या ओझ्यानं आणखी मागे. मग गर्रकन वळायचं, आणि दोन सेकंदांसाठी ती एकास एक लढाई होते. जुन्या रोमन दंतकथेतल्या होरेशियसनं हेच केलं होतं. दोन भाऊ पडल्यावर तो एकटा उरला, समोर तीन क्युरिएशियस भाऊ, तिघेही कमी-जास्त जखमी. तो पळाला, ते जखमेप्रमाणे मागेपुढे झाले, आणि त्यानं वळून एकेकाला गाठलं. इतक्या जुन्या गोष्टीत ‘कसं’ आहे, आणि माझ्या गेमवाल्या मित्रांकडे तीन शब्द!

हां, एक राहिलं. ‘भिंतीला पाठ लाव’ हा सल्लाही मिळेल. ऐकू नका. पाठ सुरक्षित होते हे खरं, पण कित्येक गेममध्ये आडवा वार फिरवताना पातं भिंतीला आपटून अडतं, आणि वळसा घ्यायचा रस्ता तर बंदच. अरुंद दार किंवा जिना मात्र चांगला, तिथे रांग आपोआप लागते. फक्त दाराच्या पलीकडून आणखी कुणी येत नाही ना, ते बघून घ्या. मी एकदा जिन्यावर तिघांना मस्त रोखून धरलं होतं आणि वरून चौथा उतरला.

पाय चालायला लागले तेव्हा हातांचा दुसरा दोष दिसला. वार अडवला की मी थांबायचो. एकास एक लढाईत थोडं थांबून बघणं चालून जातं, इथे ते मरण. ‘शिव्हलरी २’मध्ये अडवल्या-अडवल्या लगेच उलटा वार केला, म्हणजे रिपोस्ट, तर तुमचं शस्त्र उगारलेलं असेपर्यंत समोरून येणारे दुसरे वारही आपोआप अडवले जातात. काउंटरचंही, म्हणजे समोरच्यासारख्याच वारानं त्याचा वार अडवण्याचंही, तसंच. समोरच्यानं आडवा वार केला असेल तर ऐन वेळी तुम्हीही आडवाच सुरू करायचा. म्हणजे ज्या पाव सेकंदात तो दुसरा शहाणा माझ्या मानेत कुऱ्हाड घालायचा, नेमकी तीच फट बुजते. हे सगळं मला माहीत होतं, गेमच्याच शिकवणीत पाहिलेलं. पण एकास एक लढाईत त्याची गरज पडली नाही म्हणून हात विसरला होता. पाठीमागून येणारा वार मात्र यातही लागतोच, म्हणून पाय आधी.

आणि रिपोस्ट ज्यानं मारलं त्यालाच परत करायची गरज नाही. वार एकाचा, उत्तर दुसऱ्याला! ज्याचा वार अडवला तो सावध असतो, पुढच्या क्षणी अडवायचं हे त्याला ठाऊक असतं. शेजारचा मात्र स्वतःचा वार उगारण्यात दंग असतो. त्याला द्यायचा. हे जमलं त्या दिवशी मी खुर्चीतून उठून खोलीत एक फेरी मारून आलो.

पण याचा अतिरेकही मी केला. ह्याला एक, त्याला एक, सगळ्यांना रक्त काढलं आणि मेला कुणीच नाही. एक ना धड भाराभर चिंध्या. चौथा भाग आयुष्य उरलेले तिघेही तेवढेच जोरात मारतात. शत्रूंची संख्या कमी होते ती माणूस पडल्यावरच. म्हणून वार वाटेल त्याला द्या, पण मनात एक गडी धरून ठेवा आणि संधी मिळेल तेव्हा त्याच्याकडे परत या. मी सगळ्यात घाबरलेला धरतो, जो ढाल किंवा शस्त्र सतत आडवं धरून बसलेला असतो. त्याला लाथ घालायची. ‘शिव्हलरी २’मध्ये अडवून बसलेल्यावरचा उतारा लाथच आहे.

वॉरबँडमध्ये ढाल नसेल तर हे हातांचं शहाणपण चालत नाही, कारण तिथे शस्त्र एका वेळी एकाच दिशेला अडवतं. दोन वेगळ्या दिशांनी दोन वार एकदम आले तर एक लागणारच. तिथे फक्त पाय. २०१७ च्या ‘फॉर ऑनर’मध्ये उलट, गेमच तुमची कीव करतो. अनेकांचे वार झेलता-अडवता ‘रिव्हेंज’ची पट्टी भरत जाते, ती भरली की थोडा वेळ अंगात आल्यासारखं लढता येतं. मला ते थोडं लाडावल्यासारखं वाटतं, पण तिथे मी जिंकतो, तेव्हा तक्रार करत नाही.

सेटिंगचं आधीच सांगायला हवं होतं. दृश्याचा कोन, म्हणजे एफओव्ही, वाढवा. डोळ्यांना त्रास होणार नाही इतका, पण वाढवा. आणि खांद्यामागून दिसणारा कॅमेरा वापरा, निदान एकटे सापडाल तेव्हा तरी, त्यात बाजूचा माणूस दिसतो. मी कितीतरी दिवस डोळ्यांतूनच खेळायचा हट्ट धरला, कारण तसं खेळणं जास्त मर्दानी वाटायचं. हेडफोनही हवेत. मागून वार करणारे बरेचदा ओरडत येतात, बिचाऱ्यांना राहवत नाही. आणि स्टॅमिना, म्हणजे आपल्या गड्याचा दम! तो संपल्यावर वार अडवलात तर शस्त्र हातातून उडतं. पोकळ वार फिरवू नका, अडवायचं बटण धरून बसू नका.

गेल्या महिन्यात एकाच लढाईत दोनदा तिघांना संपवलं. दुसऱ्या वेळी माझ्याच बाजूच्या कुणीतरी उत्साहाच्या भरात धावत येऊन माझ्या डोक्यात हातोडा घातला. त्यावर काही सल्ला नाही.

आणि भालेवाल्याचं अजून जमलेलं नाही. दोघे अंगावर येतात आणि तिसरा भाला घेऊन मागे शांतपणे उभा असतो. मी वळसा घेतला की तोही तेवढीच दोन पावलं सरकतो, आणि रांगेतल्या पहिल्याच्या खांद्यावरून टोचतो. त्याच्यासाठी कुणाकडे काही असेल तर सांगा. ‘त्याला समोर ठेव’ सोडून.